लहान कारखानदार आणि कायदा : तारापूर-नवापूरचा धडा

मुंबईहून उत्तरेस जाणारी गाडी पालघर सोडून बोईसरास थांबली कीं, डब्यांतली निम्मी गर्दी खालीं उतरते. स्टेशनाच्या पश्चिमेस कारखान्यांची मोठी वसाहत आहे, आणि तिच्याही पलीकडे, जेथें जमीन संपते तेथें, नवापूर हें मासेमारांचें गांव आहे. कारखान्यांची वसाहत तारापूरच्या नांवानें ओळखली जाते. चिमाजी आप्पाच्या फौजेनें १७३९ सालीं पोर्तुगीजांपासून ज्याचा किल्ला घेतला, तेंच हें तारापूर. परंतु या वसाहतीचा शेवट तारापुरास होत नाहीं. तिच्या वापरलेल्या पाण्याचा शेवट नवापूरच्या समुद्रांत होतो. लहान धंद्यांनीं कायद्याच्या बाबतींत कोणत्या चुका केल्या आणि त्यांची किंमत कोणी दिली, हें पाहावयाचें असेल तर या दोन टोंकांमधली पट्टी पुरेशी आहे.

महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची स्थापना १ ऑगस्ट १९६२ रोजीं झाली. १९६९ सालीं तारापूरच्या अणुवीजकेंद्रांतून वीज मिळूं लागली आणि त्यानंतरच्या दशकांत बोईसरजवळ वसाहत उभी राहिली. रंग, औषधी द्रव्यें, रसायनें, कापड आणि पोलाद यांचे कारखाने येथें आले. त्यांत मोठीं नांवें आहेत, पण वसाहतीचें खरें अंग लहान व मध्यम कारखान्यांचें आहे. एक रसायनशास्त्राचा पदवीधर, एक भांडवल घालणारा नातेवाईक आणि एक बाजारपेठ जाणणारा व्यापारी अशा तिघांनीं मिळून भट्टी पेटवावयाची, हा येथला परिचित प्रकार. तिघांचा एकमेकांवर विश्वास असतो, आणि हा विश्वासच पुष्कळदां पहिल्या चुकीचें कारण होतो.

भागीदारीचा कायदा प्रथम १८७२ च्या करारविषयक कायद्याचा एक भाग होता. १९३२ सालीं तो स्वतंत्र झाला. त्या कायद्यानें भागीदारीची नोंदणी सक्तीची केली नाहीं, आणि लोकांनीं एवढेंच वाचलें. कलम ६९ त्यांनीं वाचलें नाहीं. तें कलम असें सांगतें कीं, नोंदणी नसलेल्या पेढीला कराराच्या आधारें बाहेरच्या माणसावर दावा लावतां येत नाहीं. म्हणजे माल दिला, हुंडी लिहून घेतली, गिऱ्हाइकानें पैसे बुडविले, आणि पेढी न्यायालयाच्या दारांत उभी राहिली तेव्हां तिला प्रथम विचारलें जातें, तुमची नोंद कोठें आहे? उलट गिऱ्हाइकानें त्याच पेढीवर दावा आणला तर त्याला कसलीच आडकाठी नाहीं. सक्ती न करतां इतकी कठोर शिक्षा करणारें कलम क्वचितच आढळेल.

याच कायद्यांतली दुसरी खोंच निवृत्त भागीदाराची आहे. एखादा भागीदार भांडून किंवा म्हातारपणामुळें बाहेर पडतो, आपला हिस्सा घेतो आणि घरीं बसतो. तो समजतो कीं, आपला संबंध संपला. परंतु जाहीर नोटीस दिली गेली नसेल, तर त्याला भागीदार समजून पेढीशीं व्यवहार करणाऱ्या तिऱ्हाइताला तो बांधलेलाच राहतो. ही नोटीस सरकारी राजपत्रांत आणि जिल्ह्यांतल्या एखाद्या देशी भाषेच्या वृत्तपत्रांत यावी लागते, व नोंदलेल्या पेढीच्या बाबतींत निबंधकाकडेही जावी लागते. वृत्तपत्राच्या चार ओळींचा खर्च वांचविण्यासाठीं राहतें घर तारण पडल्याचीं उदाहरणें व्यापारी पेठांना नवीं नाहींत.

भागीदारीची ही अमर्याद जबाबदारी टाळण्यासाठीं कंपनी निघाली. हिंदुस्थानांत कंपन्यांची नोंदणी १८५० च्या कायद्यानें सुरू झाली आणि भागधारकाची जबाबदारी मर्यादित करण्याची सोय १८५७ सालीं आली. या नव्या हत्याराचा पहिला मोठा प्रयोग मुंबईनें केला, आणि त्यांत आपलाच हात कापून घेतला. अमेरिकेंतल्या यादवी युद्धामुळें १८६१ ते १८६५ या काळांत कापसाचा पैसा शहरांत ओतला गेला. समुद्र भरून काढण्याच्या, बँकिंगच्या, सावकारीच्या कंपन्या रोज निघूं लागल्या. युद्ध संपलें आणि १८६५ सालीं सारा डोलारा कोसळला. त्यांत बॅंक ऑफ बॉम्बेही टिकली नाहीं.

लहान माणसाच्या दृष्टीनें मात्र त्याहून महत्त्वाचा निकाल लंडनमध्यें लागला. एरन सॉलोमन हा तेथला चामड्याचे बूट करणारा. त्यानें आपला चालता धंदा स्वतःच्याच कंपनीला विकला. भागधारक कोण? तो, त्याची पत्नी आणि मुलें. धंदा बुडाला तेव्हां धनकोंचें म्हणणें पडलें कीं, कंपनी म्हणजे सॉलोमनच. हाउस ऑफ लॉर्ड्सनें १८९६ सालीं तें नाकारलें : कंपनी कायद्यानें वेगळी व्यक्ति आहे, आणि तिचें कर्ज तें सॉलोमनचें कर्ज नव्हे. त्या दिवसापासून 'प्रायव्हेट लिमिटेड' या दोन शब्दांची मोहिनी लहान धंदेवाल्यांवर आहे.

मोहिनी खरी, पण ती कर्जापुरती. गुन्ह्यापुढें ती चालत नाहीं, हें तारापूरच्या पट्टींतल्या अनेकांच्या ध्यानांत आलें तें समन्स हातीं पडल्यावर. पाण्याच्या प्रदूषणासंबंधींच्या १९७४ च्या कायद्याचें कलम ४७ पाहावें. कंपनीनें अपराध केला तर अपराधाच्या वेळीं जो कोणी तिच्या कारभाराचा प्रमुख व जबाबदार असेल तोही अपराधी मानला जातो. आपल्याला ठाऊक नव्हतें, किंवा अपराध होऊं नये म्हणून आपण पुरेशी काळजी घेतली होती, हें त्यानेंच सिद्ध करावयाचें. आणि त्या कलमापुरता 'कंपनी' या शब्दांत भागीदारीची पेढीही येते. नात्याखातर संचालक म्हणून नुसती सही करणारे मेहुणे आणि काका अशा प्रकरणांत गोत्यांत येतात. संचालकपद म्हणजे लग्नपत्रिकेंतलें नांव नव्हे, एवढें तरी सही करण्यापूर्वीं कोणीं त्यांना सांगावयास हवें होतें.

जागेबद्दल थोडक्यांत. महामंडळाचा भूखंड सामान्यतः ९५ वर्षांच्या भाडेपट्ट्यानें मिळतो. तो विकत घेतलेल्या शेतासारखा नाहीं. बांधकाम ठराविक मुदतींत करणें, परवानगीवांचून दुसऱ्यास न देणें, ठरलेल्या कामासाठींच वापरणें, अशा अटी त्यास जोडलेल्या असतात. शेडचा अर्धा भाग मित्राला तोंडी बोलीवर देऊन टाकणें ही या वसाहतींतली फार जुनी खोड आहे. मित्राच्या अर्ध्या भागांत जो स्फोट होतो किंवा जें पाणी सोडलें जातें, त्याचा जाब मूळ पट्टेदारालाही द्यावा लागतो.

परंतु या सगळ्या चुका कारखानदाराच्या स्वतःच्या अंगावर येणाऱ्या आहेत. चौथी चूक तशी नाहीं. ती पाण्याची आहे, आणि ती नवापूरपर्यंत जाते.

केंद्र सरकारचा कायदा होण्यापूर्वींच महाराष्ट्रानें १९६९ सालीं जलप्रदूषणाविरुद्ध स्वतःचा कायदा केला होता, आणि ७ सप्टेंबर १९७० रोजीं प्रदूषण नियंत्रण मंडळ स्थापन झालें. केंद्राचा १९७४ चा कायदा या राज्यानें १ जून १९८१ पासून स्वीकारला. या कायद्याचा कणा म्हणजे संमतिपत्र. मंडळाच्या संमतीवांचून सांडपाणी सोडतां येत नाहीं. १९८८ सालच्या दुरुस्तीनें हें बंधन आणखी मागें नेलें : नुसतें पाणी सोडणें नव्हे, तर असें पाणी ज्यांतून निघण्याचा संभव आहे तो कारखाना उभारणें, किंवा उभारण्याच्या दिशेनें पाऊल टाकणें, हेंही पूर्वसंमतीवांचून वर्ज्य झालें. ज्यांनीं आधीं पाया घातला आणि मग अर्ज केला, त्यांची चूक पहिल्या कुदळीबरोबरच झाली होती.

संमतिपत्र हा परवाना नाहीं. तो एक अटींचा तक्ता आहे. त्यांत काय बनवावयाचें, महिन्याला किती टन बनवावयाचें, दिवसाला किती घनमीटर पाणी सोडावयाचें, तें किती शुद्ध असावयाचें, आणि हा सर्व हिशेब केव्हांपर्यंत चालावयाचा, हें लिहिलेलें असतें. लहान कारखानदार तें चौकटींत बसवून कचेरीच्या भिंतीवर टांगतो. मग बाजार फिरतो. ज्या रंगद्रव्याला मागणी होती तें पडून राहतें, दुसऱ्याला भाव येतो, तींच भांडीं आणि तेच कामगार वापरून दुसरें द्रव्य निघूं लागतें. व्यापाराच्या दृष्टीनें हें शहाणपण आहे. कायद्याच्या दृष्टीनें त्या दिवशीं भिंतीवरचा कागद निरुपयोगी झाला, कारण दुसऱ्या द्रव्याचें पाणी निराळें, त्यांतलें विष निराळें.

आणखी एक समजूत मुद्दाम सांगण्यासारखी आहे. अर्ज केल्यापासून चार महिन्यांत मंडळानें संमति दिली नाहीं व नाकारलीही नाहीं, तर ती दिली असें मानलें जाईल, असें कलम २५ मध्यें म्हटलें आहे. सरकारी दिरंगाईवर काढलेला हा तोडगा होता. त्याचा अर्थ कित्येकांनीं असा लावला कीं, अर्जाची पोंचपावती म्हणजेच संमति. पावतीवर चार महिने उलटले म्हणून पाण्याचीं मानकें शिथिल होत नाहींत.

या चुकीचा शेवट कोठवर जाऊं शकतो तें राजस्थानांत दिसलें. उदेपूरजवळ बिछडी नांवाचें खेडें आहे. तेथें एका रासायनिक कंपनीला गंधकाम्ल आणि ॲल्युमिनियम सल्फेट यांसाठीं ना-हरकत मिळाली होती. तिनें परवानगीवांचून उत्पादन बदललें व ओलियम आणि खत बनवूं लागली. तिच्याच समूहांतल्या दुसऱ्या कारखान्यांनीं १९८७ च्या सुमारास 'एच आम्ल' नांवाचें रंगधंद्यांतलें द्रव्य काढण्यास आरंभ केला. सुमारें ३७५ टन माल निघाला, आणि त्यापायीं २४४० टनांच्या आसपास विषारी गाळ सांचला. तो उघड्यावर टाकला गेला, पावसानें जमिनींत मुरला आणि गांवच्या विहिरींचें पाणी माणसांना, गुरांना आणि शेताला निरुपयोगी झालें. १९८९ सालीं प्रकरण सर्वोच्च न्यायालयांत गेलें. १३ फेब्रुवारी १९९६ रोजीं निकाल लागला. ज्यानें प्रदूषण केलें त्यानेंच तें निस्तरण्याचा खर्च द्यावा, हें तत्त्व न्यायालयानें स्पष्ट केलें. पुढें खर्चाचा आंकडा ३७ कोटी ३८ लाख ५० हजार रुपये ठरला. कंपन्यांनीं पैसे भरण्याऐवजीं अर्जांवर अर्ज केले. २०११ सालीं न्यायालयानें ४ नोव्हेंबर १९९७ पासून दरसाल १२ टक्के चक्रवाढ व्याज लावलें. चौदा वर्षांचा वेळ काढण्यांत जें कमावलें असें वाटलें होतें, तें व्याजानें अनेक पटींनीं परत घेतलें.

तारापूरची गोष्ट बिछडीसारखी उघडीवाघडी नाहीं. ती अधिक गुंतागुंतीची, आणि म्हणूनच लहान कारखानदाराला अधिक बोधक आहे. येथें शेंकडों लहान कारखान्यांना प्रत्येकीं पूर्ण शुद्धीकरण यंत्रणा परवडणारी नव्हती. म्हणून सामायिक सांडपाणी प्रक्रिया केंद्र आलें. त्याची शक्ति दिवसाला अडीच कोटी लिटर होती. कल्पना चांगली. प्रत्येकानें आपल्या आवारांत पाणी प्राथमिक शुद्ध करावयाचें, ठराविक प्रतीचें पाणीच केंद्राकडे पाठवावयाचें, केंद्रानें उरलेलें शुद्धीकरण करून तें नळीनें नवापूरच्या समुद्रांत सोडावयाचें. वसाहत वाढली, पाणी केंद्राच्या शक्तीबाहेर गेलें, आणि त्याबरोबर एक समजूतही वाढली : वर्गणी भरली, नळ जोडला, जबाबदारी संपली. सांडपाण्याची जबाबदारी भाड्याच्या गाडींत बसवून दुसऱ्याच्या दारीं पोंचवितां येते, असें कोणत्याही कायद्यांत म्हटलेलें नाहीं. केंद्राचा सभासद झाला तरी संमतिपत्रांतल्या अटी कारखानदाराच्याच राहतात.

नवापूर, दांडी, आलेवाडी, मुरबे हीं किनाऱ्यावरचीं गांवें. येथला मांगेला समाज पिढ्यान् पिढ्या समुद्रावर जगतो. पापलेट, बोंबील, घोळ, कोळंबी यांवर घर चालतें. खोल पाण्यांत ज्यांची होडी जात नाहीं ते खाडींत आणि कांठावर जाळें टाकतात, बायका बोंबील सुकवितात आणि बाजार करतात. एका अर्थीं हाही लहान धंदाच आहे. त्याला भांडवल लागतें, कर्ज लागतें, तोटा होतो. फरक इतकाच कीं, या धंद्याचा कच्चा माल ज्या पाण्यांत वाढतो, त्यांत दुसऱ्या धंद्याचा टाकाऊ माल येऊन पडत होता. खाडी सर्वांत आधीं मरते, आणि खाडी मेली म्हणजे जो सर्वांत गरीब मासेमार तोच प्रथम उघडा पडतो, कारण दूर जाण्यासाठीं त्याच्याजवळ यंत्राची होडी नसते.

अखिल भारतीय मांगेला समाज परिषदेनें २०१६ सालीं राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाकडे दाद मागितली. हें न्यायाधिकरण २०१० च्या कायद्यानें स्थापन झालें असून पश्चिम विभागाचें पीठ पुण्यास आहे. अनेक वर्षें तपासण्या, समित्या आणि अहवाल झाले. जानेवारी २०२२ मध्यें न्यायाधिकरणानें शंभराहून अधिक कारखान्यांवर आणि सामायिक केंद्रावर कोट्यवधि रुपयांची पर्यावरणीय भरपाई बसविली. औद्योगिक विकास महामंडळालाही सोडलें नाहीं.

या प्रकरणाच्या मुळाशीं असलेला कायदा समजून घेण्यासाठीं पुन्हा एकदां इंग्लंडकडे वळावें लागतें. लँकेशायरमधल्या रायलंड्स नांवाच्या गिरणीवाल्यानें आपल्या जागेंत पाण्याचा तलाव बांधला. पाणी जुन्या विवरांतून शेजारच्या फ्लेचरच्या खाणींत शिरलें. रायलंड्सची वैयक्तिक हयगय नव्हती, तरी हाउस ऑफ लॉर्ड्सनें १८६८ सालीं त्यालाच जबाबदार धरलें : अपायकारक वस्तु आपल्या जमिनीवर आणून सांठविणाऱ्यानें ती सुटून जाण्याची जोखीम सोसावी. या नियमाला अपवाद होते, दैवी आपत्ति, तिऱ्हाइताचें कृत्य वगैरे. १९८५ च्या डिसेंबरांत दिल्लींतल्या श्रीराम कारखान्यांतून ओलियम वायु सुटला. भोपाळची भीषण घटना अवघी एक वर्षापूर्वींची होती. सर्वोच्च न्यायालयानें २० डिसेंबर १९८६ रोजीं ठरविलें कीं, धोकादायक धंदा करणाऱ्याला ते अपवाद मिळणार नाहींत. त्याची जबाबदारी निरपवाद आहे. काळजी घेतली होती, हें उत्तर शिक्षेच्या प्रश्नाला कदाचित् चालेल, भरपाईच्या प्रश्नाला चालणार नाहीं.

पैशाच्या व्यवहारांतल्या चुका यापुढें किरकोळ वाटतात, पण लहान कारखाने बंद पडतात ते बहुधा त्यांमुळेंच. उधारीच्या दाव्याची मुदत साधारणतः तीन वर्षें. जुन्या ओळखीच्या गिऱ्हाइकाला 'देतो, देतो' म्हणतां म्हणतां ती निघून जाते. देणें मान्य असल्याचा सहीचा एक कागद मुदतीच्या आंत घेतला असता, तर ती पुन्हा नव्यानें धरली गेली असती. २००६ च्या लघुउद्योगविषयक कायद्यानें खरेदीदाराला ४५ दिवसांपलीकडे पैसे अडवून ठेवण्यास मनाई केली आणि उशिराबद्दल बँकदराच्या तिप्पट दरानें चक्रवाढ व्याज देण्याची तरतूद केली. इतकें बळकट हत्यार असून तें वापरणारे थोडे. मोठा खरेदीदार रागावेल ही भीति, आणि नोंदणीच वेळेवर केलेली नसते ही दुसरी अडचण. माल पुरविल्यानंतर नोंदणी केली तर या कायद्याचा लाभ मिळतो कीं नाहीं, यावर न्यायालयांत पुष्कळ वाद झाले आहेत. वाद जिंकण्यापेक्षां नोंद आधीं करणें स्वस्त पडतें.

पुन्हा पाण्याकडे. एका नळींत शेंकडों कारखान्यांचें पाणी एकत्र होतें तेव्हां एक स्वाभाविक बचाव सुचतो : नवापूरचा मासा माझ्याच थेंबानें मेला, हें कोण सिद्ध करणार? कारखानदारांच्या बैठकींत हा प्रश्न मोठ्या आत्मविश्वासानें विचारला जाई. हरित न्यायाधिकरणाच्या कायद्याच्या कलम १७ मध्यें त्याचें उत्तर तयार आहे. हानि एकाच कृत्यावर ढकलतां येत नसेल, ती अनेकांच्या कृत्यांचा मिळून परिणाम असेल, तर न्यायाधिकरण त्या सर्वांत न्याय्य रीतीनें जबाबदारी वांटून देऊं शकतें. याचा अर्थ असा कीं, ज्यानें आपलें पाणी प्रामाणिकपणें शुद्ध केलें त्यालाही, तसें दाखविणारा पुरावा नसेल तर, शेजाऱ्याच्या रांगेंत उभें राहावें लागेल.

तो पुरावा मिळण्याची सोय १९७४ च्या कायद्यांत पहिल्यापासून आहे, ती कलम २१ मध्यें. मंडळाचा अधिकारी नमुना घेण्यास येतो तेव्हां त्यानें नोटीस द्यावयाची, कारखानदाराच्या समक्ष नमुन्याचे दोन भाग करावयाचे, दोन्ही मोहोरबंद करून दोघांनीं सह्या करावयाच्या. आणि कारखानदारानें मागणी केली तर दुसरा भाग वेगळ्या प्रयोगशाळेकडे जातो. एवढ्यासाठीं मालकानें, किंवा निदान रसायन जाणणाऱ्या माणसानें, त्या वेळीं हजर असावें लागतें. पुष्कळ ठिकाणीं मालक मुंबईस असतो, रसायनतज्ज्ञ रात्रपाळी करून झोंपलेला असतो, आणि नमुन्याच्या बाटलीवर सही होते ती फाटकावरच्या पहारेकऱ्याची. दुसऱ्या भागाची मागणी करावयाची असते, हें त्या पहारेकऱ्याला कोणीं सांगितलेलें नसतें. बाटली प्रयोगशाळेकडे जाते आणि पाणी नळीनें नवापूरकडे.